कॅनडाच्या फीची पावती: एका निवृत्त कोषागारवाल्याचा अभिप्राय

आधी गुण सांगून टाकतो: पाचपैकी साडेचार. अर्धा कुठे कापला ते ओघात येईलच. कॅनडा कसा आहे, व्हिसा मिळतो का, यावर मी काही बोलणार नाही. सुपर व्हिसाच्या अर्जाची सरकारी फी ठाण्यात घरी बसून, मध्ये एजंट न घालता, स्वतःच्या कार्डाने भरली. त्या कामाचा हा अभिप्राय.

माझा अधिकार काय म्हणाल, तर सगळं आयुष्य लोकांनी सरकारला भरलेल्या पैशांमागे गेलं. कोर्ट नाक्यावर कोषागारात ३२ वर्षं. चलनाच्या सगळ्या प्रती आहेत का, लेखाशीर्ष, म्हणजे पैसे कुठल्या सदराखाली जमा होणार त्याचा क्रमांक, बरोबर आहे का, आकडा आणि अक्षर जुळतात का, बँकेचा शिक्का पुसट तर नाही ना. मुद्रांक आणि नोंदणीचं ००३० मला स्वतःच्या लग्नाच्या तारखेआधी आठवतं, हे आमची ही कोणालाही सांगेल. लोक चहाचा घोट जिभेवर घोळवून बघतात, तशी मी पावती बघतो.

मुलगा आणि सूनबाई कॅनडात, ब्रॅम्प्टनला. नात दोन वर्षांची झाली तरी आम्ही तिला फोनच्या काचेपलीकडेच बघितलेली. मुलाचं म्हणणं, साधा व्हिजिटर व्हिसा नको, सुपर व्हिसा काढा. कॅनडात नागरिक असलेल्यांच्या किंवा पीआर, म्हणजे कायम राहायची परवानगी, असलेल्यांच्या आईवडिलांसाठी आणि आजीआजोबांसाठी हा व्हिसा २०११ च्या डिसेंबरात सुरू झाला, आणि जुलै २०२२ पासून एका खेपेला पाच वर्षांपर्यंत राहता येतं. पाच वर्षं राहायचंय कोणाला? चौथ्या महिन्यातच मला मामलेदारची मिसळ आठवायला लागेल. पण व्हिसा असलेला बरा.

तरी पहिल्यांदा गेलो एजंटाकडेच. व्याह्यांनी नंबर दिला होता, आणि व्याह्यांचा शब्द मोडवत नाही. नाव लिहीत नाही. ठाण्यात असली ऑफिसं आता वड्याच्या गाड्यांइतकी झालीत आणि सगळ्यांच्या भिंतीवर मेपलचं तेच एक लाल पान असतं. काचेचं टेबल, गारठवणारा एसी, बसल्या बसल्या पाण्याची छोटी बाटली. समोरची मुलगी फार गोड बोलणारी.

“काका, दोघांचे मिळून अडुसष्ट हजार. ऑल इन्क्लुसिव्ह.”

“त्यात सरकारी फी किती?”

“सगळं आलं काका त्यात.”

“सगळं आलं ते कळलं. सरकारची किती आणि तुमची किती?”

“गव्हर्नमेंटची बदलत असते काका. डॉलरवर आहे ना.”

“डॉलरचा भाव बदलतो. डॉलर किती ते तर बदलत नाही? तेवढे सांग.”

ती आत गेली. आतून टाय लावलेले साहेब आले. त्यांनी मला माझ्या नातीचं नाव विचारलं, वय विचारलं, किती गोड असेल म्हणाले. मी पुन्हा तेच विचारलं. मग दुसरा प्रश्न विचारला, जो मुलाने मला शिकवून ठेवला होता: तुमचा परवाना क्रमांक काय? कॅनडाच्या कायद्याप्रमाणे अर्जदारातर्फे पैसे घेऊन हे काम करायचं तर माणूस तिथला वकील तरी लागतो, नाहीतर तिथल्या इमिग्रेशन सल्लागारांच्या कॉलेजचा परवानाधारक. कॉलेज म्हणजे शिकवायचं नव्हे, नियामक संस्था. आणि असा प्रतिनिधी नेमला की त्याचं नाव ५४७६ क्रमांकाच्या फॉर्मवर लिहावं लागतं. साहेब म्हणाले, “आमचे पार्टनर तिकडे आहेत.” मग फॉर्मवर त्यांचं नाव येईल का? “त्याची गरज पडत नाही काका, फाइल तुमच्याच नावाने जाते.” मी पाण्याची बाटली न उघडता परत ठेवली आणि उठलो.

एजंटाने पैसे घेऊ नयेत असं मी म्हणत नाही. फॉर्म भरायला डोकं लागतं, वेळ लागतो, चुकलं तर पुन्हा करावं लागतं. हमाली घ्या, अगदी भरपूर घ्या, पण बिलात हमाली म्हणून लिहा. मालाच्या भावात मिसळलीत की मी उठणार.

याला जुनं कारण आहे. २०१९ मध्ये मुलगा-सून पीआरला लागले तेव्हा सगळं एका एजंटाने केलं. तो वेगळा, हा वेगळा. त्याने स्वतःची ‘कन्सल्टन्सी’ सव्वा लाख घेतली, त्याची छापील पावती दिली. आणि ‘गव्हर्नमेंट फी’ म्हणून १ लाख ७० हजार रोख, त्याची पावती म्हणजे लेटरहेडवर बॉलपेनने लिहिलेली एक ओळ. मी निवृत्त होऊन तीन वर्षं झाली होती. मुलाच्या घाईपुढे माझं डोकं चाललं नाही, असं समजा. मागच्या वर्षी त्याने जुने कागद काढले तेव्हा खरी पावती सापडली. त्याच्याच अकाउंटात पडून होती इतकी वर्षं. तेव्हा एका माणसाची पीआरची फी होती १,०४० डॉलर: ५५० अर्जाच्या प्रक्रियेचे आणि ४९० पीआरच्या हक्काचे. दोघांचे २,०८०. वर बोटांच्या ठशांचे १७०. एकूण २,२५०. कॅनडाचा डॉलर तेव्हा ५३ रुपयांच्या आसपास, म्हणजे १ लाख १९ हजार आणि किरकोळ. वरचे पन्नास हजार कुठल्या लेखाशीर्षाखाली जमा झाले ते मला आजतागायत कळलेलं नाही.

तर यंदा ठरवलं, फी मी भरणार. मुलगा म्हणाला, “बाबा, मी इथून भरतो ना, दोन मिनिटांचं काम आहे.” म्हटलं, तू विम्याचं बघ.

आता आकडे. मी भरली तेव्हा सुपर व्हिसाची फी माणशी १०० डॉलर, साध्या व्हिजिटर व्हिसाइतकीच. दोघांचे २००. त्यावर बायोमेट्रिक्सचे, म्हणजे बोटांचे ठसे आणि फोटो यांचे, माणशी ८५. आणि इथे कॅनडा सरकारने एक सवलत ठेवली आहे: एकत्र अर्ज करणाऱ्या कुटुंबाला कमाल १७०. मी मोठ्या आशेने बायकोला म्हटलं, “कुटुंबाला सवलत आहे हं.” मग कागदावर मांडलं. ८५ दुणे १७०. सवलत तिसऱ्या माणसापासून सुरू होते. आम्ही दोघंच. एकूण ३७० डॉलर. अडुसष्ट हजारांतलं ‘बदलत असणारं’ गव्हर्नमेंट ते एवढंच.

शोधताना मात्र डोळे उघडे ठेवा. इंटरनेटवर कॅनडा व्हिसा फी असं टाकलं की वरच्या दोन-चार ओळी बहुतेक जाहिरातींच्या असतात, आणि त्यांची पानं सरकारी वाटावीत अशी लाल-पांढरी सजवलेली असतात. खरं पान कॅनडा डॉट सीए नाहीतर जीसी डॉट सीए या पत्त्यावर असतं. मी पत्ता वहीत लिहून घेतला आणि दर वेळी तोच टाइप केला, कोणी पाठवलेली लिंक दाबली नाही.

अर्जाचा क्रम मला आवडला. आधी माहिती, मग कागद जोडायचे, मग सही म्हणून नाव टाइप करायचं, आणि सगळ्यात शेवटी पैसे. पैसे भरले की अर्ज गेला. आमच्या काळात उलटं असायचं. माणूस आधी चलन भरून यायचा आणि मग खिडकीवर कळायचं की अर्जच चुकीचा आहे. मग ते चलन घेऊन तो परताव्यासाठी वर्षभर फिरायचा. किती जणांना मी स्वतः फिरवलंय, नियमाप्रमाणे.

कागद जोडायचं काम राम मारुती रोडच्या मागच्या गल्लीतल्या झेरॉक्सच्या दुकानात केलं. पासपोर्टची पानं, मुलाचं निमंत्रणाचं पत्र, त्याच्या उत्पन्नाचे कागद, विम्याची पॉलिसी. प्रत्येक फाइल ४ एमबीच्या आत बसवावी लागते. दुकानातल्या ताई ते हसत हसत करतात, पानाला दहा रुपये. माझं सत्तेचाळीस पानांचं जुनं बँक पासबुक त्यांनी तीनदा दाबून बसवलं आणि तिसऱ्यांदा म्हणाल्या, “काका, नवं पासबुक काढा हो.” त्यांना पाचपैकी पाच.

फी भरायला बसलो तो ८ जून २०२५ चा रविवार. सकाळचे नऊ, म्हणजे ब्रॅम्प्टनला शनिवारची रात्र, साडेअकरा. मुलगा फोनवर जांभया देत समोर. वटपौर्णिमा मंगळवारवर आलेली, त्यामुळे ही शेजारी सुताची गुंडी सोडवत बसलेली. पेन्शनच्या खात्याचं डेबिट कार्ड तिथे चालणाऱ्या कार्डांच्या यादीत बसत नव्हतं; व्हिसा, मास्टरकार्ड, अमेरिकन एक्स्प्रेस वगैरे चालतात. म्हणून मुलाने हट्टाने काढायला लावलेलं, मुदत ठेवीवर मिळालेलं क्रेडिट कार्ड बाहेर काढलं. नंबर टाकला, महिना-वर्ष टाकलं, मागचे तीन आकडे टाकले. बटण दाबलं.

नाकारलं.

छातीत धस्स झालं, खोटं कशाला सांगू. मुलगा म्हणाला, “बाबा, इंटरनॅशनल चालू केलंय का?” रिझर्व्ह बँकेने ऑक्टोबर २०२० पासून नियम केलाय, नवं कार्ड हातात येतं ते परदेशी व्यवहारांना बंद असतं, चालू आपण करायचं. नियम चांगला आहे, मी कौतुकच करतो. पण ते चालू करायचं बटण माझ्या बँकेने ॲपमध्ये कुठे ठेवलंय ते शोधायला मला पंचवीस मिनिटं लागली. कार्ड, मग सेवा, मग व्यवस्थापन, मग आणखी काहीतरी, आणि तिथे एक एवढंसं करड्या रंगाचं बटण. सरकवलं. हिरवं झालं. परत फी.

परत नाकारलं.

आता मी हात आखडला. आमच्या ऑफिसात एका शब्दाची भीती सगळ्यांनाच असायची: दुबार प्रदान. एकाच बिलाचे पैसे दोनदा गेले की ऑडिट पार्टी येते, आणि आली की पहिला चहा तुमच्या टेबलावर. तेव्हा आधी कार्डाचा हिशेब उघडून बघितला, पैसे गेलेत का. नव्हते गेले. मग बँकेला फोन. एक दाबा, चार दाबा, कार्डाचे शेवटचे अंक सांगा, आपला कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. एकोणीस मिनिटं सतार. शेवटी एक पोरगा आला, त्याने सांगितलं की परदेशी व्यवहार चालू केलेत तरी त्याची मर्यादा वेगळी असते, ती दहा हजारांवर ठेवलेली आहे, ती तुम्ही वाढवा. कुठे वाढवू? “तिथेच सर, त्याच बटणाच्या खाली.” बटणाच्या खाली खरंच एक रेघ होती. मला ती शोभेची वाटली होती.

इकडे ही सूत गुंडाळता गुंडाळता फोनमध्ये मुलाला म्हणते, “मी परवा वडाला सात जन्म हाच नवरा मागणारे, आणि याला ह्या जन्मातली एक फी भरता येईना.” पोरगा त्या तिकडे हसून लोळतोय. कापलेला अर्धा गुण माझ्या बँकेचा आहे, कॅनडाचा त्यात काही संबंध नाही.

तिसऱ्यांदा भरली. मी फोन हातात धरून ओटीपीची वाट बघतोय, तर ओटीपी आलाच नाही आणि पैसे गेलेसुद्धा. आपल्याला ओटीपीची इतकी सवय झालीय की तो नाही आला तर चोरी झाल्यासारखं वाटतं. परदेशातल्या साइटवर ओटीपी विचारतीलच असं नसतं. कार्डाचा नंबर आणि मागचे तीन आकडे एवढ्यावर काम होतं. म्हणूनच काम झाल्यावर मी ते करडं बटण परत करडं केलं. हे विसरू नका.

आणि मग पावती आली.

पावती कशी असावी याबद्दल माझी मतं जरा कडक आहेत. आपल्या महाराष्ट्राचं ऑनलाइन चलन, नमुना सहा, ते मला पसंत आहे: वर जीआरएन म्हणजे चलनाचा क्रमांक, खाली विभाग, लेखाशीर्ष, भरणाऱ्याचं नाव, रक्कम आकड्यात आणि अक्षरात. या पावतीवर अक्षरात रक्कम नव्हती, तेवढं सोडलं तर तक्रार नाही. क्रमांक आहे, तारीख आहे, आणि मुख्य म्हणजे बाबी वेगळ्या मांडल्या आहेत. व्हिसाचे इतके, बायोमेट्रिक्सचे इतके, बेरीज इतकी. पंचवीस वर्षांचा पोरगा असो की माझ्यासारखा चष्मेवाला, एका नजरेत कळतं कशाचे किती. कॅनडा सरकारचे पैसे ज्याच्या नावाने जमा होतात त्याला रिसीव्हर जनरल म्हणतात. म्हणजे तिथला कोषागारवालाच. मी मुलाला म्हटलं, “आमच्या खात्याचा माणूस आहे.” तो म्हणाला, “बाबा, झोपू का आता?”

रुपयांचं खरं चित्र चार दिवसांनी कार्डाच्या हिशेबात दिसलं. भाव लागला ६२ रुपये ६० पैसे. ३७० डॉलरचे २३,१६२. त्यावर परकीय चलनाचा अधिभार साडेतीन टक्के, ८१० रुपये ६७ पैसे. त्या अधिभारावर १८ टक्के जीएसटी, १४५ रुपये ९२ पैसे. एकूण २४,११८ रुपये ५९ पैसे. हे साडेतीन टक्के कार्डागणिक बदलतात, काही कार्डांना कमी असतात. ३७० डॉलरला हजाराच्या आतबाहेर फरक पडतो, तो मी सोसला. पण चौघांच्या पीआरची फी भरणार असाल तर आधी कार्डाचा अधिभार विचारा, किंवा फॉरेक्स कार्डाचा भाव काढा.

तलावपाळीला सकाळी फिरायला येणाऱ्या एका मित्राने मला घाबरवून ठेवलं होतं की परदेशात पैसे गेले की वीस टक्के टॅक्स कापतात. टीसीएस, म्हणजे पैसे बाहेर पाठवतानाच कापून घेतात तो कर, त्याच्या डोक्यात होता. एप्रिल २०२५ पासून वर्षाला दहा लाखांपर्यंतच्या रकमेवर तो लागत नाही, आणि मी पाठवतोय चोवीस हजार. त्याला सांगितलं, तर म्हणाला, “तरी कापतात.” काही माणसांना कापलेलंच बरं वाटतं.

पीआरवाल्यांसाठी दोन शब्द, कारण मला सोसायटीत तेच जास्त विचारतात. एप्रिल २०२४ च्या ३० तारखेपासून एक्स्प्रेस एन्ट्रीने, म्हणजे कुशल कामगारांच्या वाटेने, पीआर घेणाऱ्या मोठ्या माणसाला प्रक्रियेचे ९५० आणि पीआरच्या हक्काचे ५७५, मिळून १,५२५ डॉलर होते. बरोबर जाणाऱ्या मुलाला २६०, त्याला हक्काचे लागत नाहीत. ही फी २०२०, २०२२, २०२४ अशी दर दोन वर्षांनी ३० एप्रिललाच वाढत आली आहे, त्यामुळे भरायच्या दिवशी सरकारी पानावरचा आकडा बघूनच भरा, माझा धरू नका. मला त्यातला दुसरा भाग फार आवडतो. प्रक्रियेचे पैसे काम सुरू झालं की गेले, अर्ज नामंजूर झाला तरी परत नाहीत. पण हक्काचे पैसे पीआर मिळालाच नाही तर परत मिळतात. आमच्या भाषेत पहिली ती फी आणि दुसरी ती अनामत. हा हक्काचा भाग १९९५ साली सुरू झाला तेव्हा ९७५ डॉलर होता. २००६ मध्ये निम्म्यावर, ४९० वर आणला. सरकारने एखादी फी निम्मी केल्याचं उदाहरण मला माझ्या ३२ वर्षांत चटकन आठवत नाही.

आणि म्हणूनच एजंटाने ‘गव्हर्नमेंट फी’ असा एकच आकडा सांगितला की विचारायचं, यातली परत मिळणारी किती? अर्ज फेटाळला गेला तर ती परत कोणाच्या खात्यात येणार? ज्याने भरली त्याच्या कार्डावर. म्हणजे कार्ड एजंटाचं असेल तर?

दुसऱ्या देशांचंही जरा कानावर आलंय. आमच्या खालच्या मजल्यावरच्या गृहस्थांच्या बहिणीने त्यांच्यासाठी अमेरिकेच्या ग्रीन कार्डाचा अर्ज २००६ साली केला होता. भावाबहिणीच्या वर्गाची रांग इतकी लांब की आता कुठे फीची वेळ आली. माणशी ३२५ डॉलर आणि वर हमीपत्राचे एकदाच १२०. नवरा-बायकोचे ७७०. गृहस्थ चेकबुक घेऊन माझ्याकडे आले, कारण ते मला अजून कोषागारच समजतात. पण ती फी अमेरिकेतल्याच बँकेच्या खात्यातून भरावी लागते, आपलं कार्ड किंवा चेक तिथे उपयोगाचा नाही. बहिणीनेच भरली. ते म्हणाले, “एकोणीस वर्षं थांबलो आणि पैसे पण तिलाच भरायला लावले, बरं दिसतं का?” त्यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं; चहा केला.

भाची लंडनला नवऱ्याकडे गेली तेव्हा तिला व्हिसाच्या फीशिवाय तिथल्या आरोग्यसेवेचा अधिभार एकरकमी भरावा लागला. वर्षाला १,०३५ पौंड, आणि पावणेतीन वर्षांचा व्हिसा असला तरी तीन वर्षांचे धरतात, म्हणजे ३,१०५. तिच्यापुढे माझे ३७० डॉलर म्हणजे देवळातली दक्षिणा. व्हिसा नाकारला तर तो अधिभार परत मिळतो, एवढं समाधान.

आमचं पुढचं लवकर सांगतो. फी भरल्यावर बायोमेट्रिक्सचं पत्र आलं, मुंबईच्या केंद्रात वेळ घेऊन जाऊन आलो. त्याचे वेगळे पैसे तिथे द्यावे लागत नाहीत, ते १७० मध्ये आलेले असतात. ठसे दहा वर्षं चालतात. तेव्हा मी सत्त्याहत्तरचा असेन. हिच्या उजव्या अंगठ्याचा ठसा चार वेळा घ्यावा लागला. चाळीस वर्षं विळीवर भाजी चिरून रेघा गेल्यात. ती ओशाळली, तर यंत्रावरची मुलगी म्हणाली, “आजी, सगळ्या आयांचं असंच असतं.” मेडिकल त्यांनी नेमलेल्या डॉक्टरांकडे, त्याचे पैसे डॉक्टरांना. विमा निदान एक लाख डॉलरचा, एका वर्षाचा. खरा मोठा खर्च तोच, तो मुलाने केला आणि आकडा मला सांगत नाही. पासपोर्ट शिक्क्यासाठी द्यायचे तेव्हा केंद्राचं सेवाशुल्क वेगळं, आणि कुरियर, एसएमएस वगैरे ऐच्छिक. ऐच्छिक म्हणजे काय ते काउंटरवर शांतपणे विचारायचं आणि नको म्हणायचं. यातली एकही गोष्ट सरकारी फी नाही. प्रत्येकाची पावती मी वेगळी ठेवली.

फीच्या पावतीची प्रिंट काढायला त्याच ताईंकडे गेलो होतो. “काका, रंगीत काढू?” म्हणाल्या. म्हटलं, पावती रंगीत कशाला, काळीपांढरी चालते, दहाचे चाळीस का करायचे. दोन प्रती घेतल्या, एक फाइलला आणि एक बाहेर. घरी आल्यावर वाटलं, एक रंगीत काढायला हवी होती. गेलो परत, काढली.

पासपोर्ट ऑगस्टात आले, दोघांचेही, व्हिसा चिकटवून. हिने ते देवासमोर ठेवले. मी फाइल काढली. पंच मारला, पावती टॅगमध्ये ओवली, आणि तिच्या खाली २०१९ चं ते लेटरहेड ओवलं, बॉलपेनच्या एका ओळीचं. समासात पेन्सिलने दोन्ही रकमा लिहिल्या.

“अहो, तो जुना कागद कशाला आता त्यात?” हिने विचारलं.

“ताळमेळ लागलेला नाही अजून.”

“मग?”

“मग फाइल बंद करता येत नाही,” म्हटलं, आणि टॅगची दोन्ही टोकं नुसतीच दुमडून ठेवली.